तारेचा कायदा आणि गावाची जागा

आपल्या देशातील तारसेवा १५ जुलै २०१३ पासून बंद झाली. मात्र ज्या कायद्याच्या आधारे त्या तारा शतकाहून अधिक काळ ये-जा करीत होत्या, तो १८८५ चा भारतीय तार अधिनियम त्यानंतरही दहा वर्षे दूरसंचाराचा मूळ कायदा म्हणून नांदत होता. खेडोपाडी उभे राहिलेले भ्रमणध्वनीचे मनोरे आणि रस्त्याकडेने पुरलेले ऑप्टिकल फायबरचे तंतू यांना आधार होता तो याच कायद्याचा. त्याची जागा घेणाऱ्या दूरसंचार अधिनियमास २४ डिसेंबर २०२३ रोजी राष्ट्रपतींची संमती मिळाली आणि २६ जून २०२४ पासून त्यातील तरतुदी टप्प्याटप्प्याने अमलात येऊ लागल्या.

या बदलाची चर्चा बहुधा स्पेक्ट्रमचे वाटप, कंपन्यांचे परवाने आणि संदेश अडवून ऐकण्याचे शासनाचे अधिकार या अंगांनी होते. ते विषय महत्त्वाचे आहेतच. परंतु मनोरा उभा राहतो तो कोणत्या तरी गावाच्या जागेवर, आणि तंतू पुरला जातो तो कोणत्या तरी ग्रामपंचायतीच्या रस्त्याखाली. या दृष्टीने पाहता ग्रामपंचायतीचा कोणता अधिकार कायम राहिला आणि कोणता आक्रसला, हे समजून घेणे अगत्याचे आहे.

जुन्या कायद्याची घडण

१८८५ च्या कायद्याचा कणा त्याचे चौथे कलम होय. तार उभारण्याचा, चालविण्याचा आणि इतरांना त्यासाठी परवाना देण्याचा अनन्य अधिकार या कलमाने सरकारच्या हाती ठेवला. ‘तार’ या शब्दाची व्याप्ती मात्र पुढे वाढतच गेली. दूरध्वनी हीदेखील कायद्याच्या दृष्टीने तारच आहे, असा निर्णय इंग्लंडमधील न्यायालयाने १८८० सालीच दिला होता. आपल्याकडेही दूरध्वनी, भ्रमणध्वनी आणि इंटरनेट ही सारी पुढची भावंडे त्या एकाच छपराखाली राहिली.

गावाशी थेट संबंध येत असे तो दहाव्या कलमाचा. कोणत्याही जमिनीवरून तार नेण्याचा किंवा तेथे खांब रोवण्याचा अधिकार या कलमाने तार खात्यास दिला. पण त्याबरोबर तीन बंधनेही घातली. जमिनीवर खात्याचा केवळ वापराचा हक्क राहील, मालकी येणार नाही. काम करताना शक्य तितके कमी नुकसान करावे लागेल. आणि जे नुकसान होईल त्याची पूर्ण भरपाई द्यावी लागेल. याखेरीज, स्थानिक संस्थेच्या ताब्यातील मालमत्ता असेल तर त्या संस्थेची परवानगी आवश्यक ठरविण्यात आली. मुंबई इलाख्यात लोकल बोर्डांचा कायदा झाला तो १८८४ साली, म्हणजे केवळ एक वर्ष आधी. स्थानिक स्वराज्य संस्था बाल्यावस्थेत असतानाही परकीय सरकारने त्यांची परवानगी घेण्याचे तत्त्व मान्य केले होते, ही गोष्ट नोंद घेण्याजोगी आहे.

जाता जाता एक गोष्ट सांगितली पाहिजे. शेतातून उच्च दाबाची वीजवाहिनी जाते तेव्हा तिचा मनोरा अनेकदा याच तार कायद्याच्या बळावर उभा राहतो, हे पुष्कळ शेतकऱ्यांना ठाऊक नसते. वीज अधिनियम, २००३ च्या कलम १६४ नुसार तार खात्याचे हे अधिकार वीजवाहिनी टाकणाऱ्या संस्थेस देता येतात. नव्या दूरसंचार कायद्यानेही वीजवाहिन्यांच्या बाबतीत जुन्या कायद्याचा तेवढा भाग लागू राहील, अशी तरतूद केली आहे. तेव्हा तलाठ्याकडे किंवा सरपंचाकडे तक्रार घेऊन येणाऱ्या शेतकऱ्यास वाहिनी विजेची आहे की दूरसंचाराची, हे प्रथम विचारावे. दोहोंचे कायदे आता निराळे आहेत.

सरकारच्या जागी कंपन्या

जुना कायदा खांब रोवणारा सरकारी नोकर डोळ्यांपुढे ठेवून लिहिलेला होता. १९९४ च्या राष्ट्रीय दूरसंचार धोरणानंतर हे चित्र पालटले आणि खाजगी कंपन्या या क्षेत्रात आल्या. १९९७ साली दूरसंचार नियामक प्राधिकरण आणि २००० साली तंटा निवारणासाठी स्वतंत्र न्यायाधिकरण स्थापन झाले. तरीही रस्ता खोदण्याची परवानगी कोणी, किती दिवसांत आणि किती शुल्क घेऊन द्यावी, याविषयी एकसूत्रता नव्हती. कोठे शुल्क भरमसाट, तर कोठे अर्ज वर्षभर पडून, अशी स्थिती होती. दुसऱ्या बाजूने, खोदलेला रस्ता तसाच सोडून ठेकेदार निघून गेल्याच्या ग्रामपंचायतींच्या तक्रारीही खोट्या नव्हत्या.

या गोंधळातून नोव्हेंबर २०१६ चे ‘राइट ऑफ वे’ नियम, म्हणजे मार्गाधिकाराचे नियम आले. भूमिगत तंतूसाठी किलोमीटरमागे जास्तीत जास्त एक हजार रुपये आणि मनोऱ्यासाठी जास्तीत जास्त दहा हजार रुपये एवढेच प्रशासकीय शुल्क घेता येईल, अशी मर्यादा त्यांनी घातली. अर्जावर साठ दिवसांत निर्णय न झाल्यास परवानगी मिळाली असे मानले जाईल, असेही त्यात होते. ‘मौन म्हणजे संमती’ हे वचन येथे कायद्यानेच उचलले म्हणावयाचे! १ जानेवारी २०२५ पासून अमलात आलेल्या नव्या नियमांतही मुदत आणि मानीव परवानगी हे तत्त्व कायम आहे. नव्या अधिनियमाच्या व्याख्येप्रमाणे ग्रामपंचायत ही ‘सार्वजनिक संस्था’ आहे. अर्ज नाकारावयाचा तर सबळ कारणे लेखी नोंदवूनच तो नाकारता येतो.

याचा व्यवहारातील अर्थ नीट समजून घेतला पाहिजे. ग्रामपंचायतीची सभा महिन्यातून एकदा भरते. एक सभा गणपूर्तीअभावी तहकूब झाली आणि दुसरीत विषय पुढे ढकलला गेला, तर मुदत जवळपास सरते. पुढे तिसऱ्या सभेत केलेला विरोधाचा ठराव कितीही एकमताचा असला तरी त्याला उशीर झालेला असतो. म्हणून आवक नोंदवहीत अर्जाची तारीख अचूक लिहिणे, नकाशात किंवा कागदपत्रांत त्रुटी असल्यास त्या तत्काळ लेखी कळविणे आणि विषय पहिल्याच सभेपुढे ठेवणे, ही कामे आता केवळ कारकुनी राहिलेली नाहीत.

परवानगी देताना गावाच्या पाणीपुरवठा योजनेची नळवाहिनी कोठून जाते, याचा नकाशा अर्जदारापुढे ठेवावा. रस्ता पूर्ववत करण्याची हमी लेखी घ्यावी. उलट बाजूही ध्यानात असू द्यावी. गटार किंवा नळवाहिनी खोदताना ग्रामपंचायतीच्या ठेकेदाराकडूनच तंतू तुटतो आणि पंचक्रोशीचा संपर्क बंद पडतो. खोदकामापूर्वी संबंधितांना सूचना देण्यासाठी २२ मार्च २०२३ रोजी ‘कॉल बिफोर यू डिग’ हे मोबाईल ॲप सुरू करण्यात आले. जेसीबी चालविणाऱ्यापर्यंत ही माहिती पोहोचविणे आवश्यक आहे.

मनोऱ्याच्या प्रारणांविषयी गावकऱ्यांच्या मनात भीती असते. ती हसण्यावारी नेऊ नये. १ सप्टेंबर २०१२ पासून आपल्या देशाने प्रारणांची मर्यादा आंतरराष्ट्रीय मर्यादेच्या एक दशांशावर आणली आहे. शिक्षकांनी ही माहिती ग्रामसभेत सांगितल्यास चर्चेला वस्तुस्थितीचा आधार मिळेल.

घरपट्टीचा प्रश्न

सर्वांत नाजूक प्रश्न कराचा आहे. भ्रमणध्वनीचा मनोरा ही करआकारणीच्या दृष्टीने ‘इमारत’ होय, आणि राज्यसूचीतील ४९ व्या नोंदीनुसार त्यावर मालमत्ता कर बसविता येतो, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १६ डिसेंबर २०१६ रोजी गुजरातमधील प्रकरणात दिला. ज्या ग्रामपंचायतीच्या हद्दीत कारखाना नाही, बाजारपेठ नाही, तिच्या दृष्टीने एका मनोऱ्याची घरपट्टीदेखील मोलाची असते. दिवाबत्तीचे बिल त्यातून भागू शकते.

२०२३ च्या कायद्याचे चौदावे कलम मात्र निराळेच सांगते. एखाद्या मालमत्तेवर उभारलेले दूरसंचार जाळे त्या मालमत्तेचा भाग समजले जाणार नाही. मालमत्ता कर, उपकर किंवा शुल्क यांच्या संदर्भातही नाही. दळणवळण हा केंद्राचा विषय, तर जमीन व इमारतींवरील कर हा राज्याचा. पंचायतींना कर बसविण्याचा अधिकार राज्य विधिमंडळ देते, तो संविधानाच्या २४३-ह या अनुच्छेदान्वये. तेव्हा संसदेच्या या कलमाने राज्यसूचीतील कराचा अधिकार कोठवर आक्रसतो, हा प्रश्न शब्दार्थापुरता नाही. गावाचे उत्पन्न त्यावर अवलंबून आहे. आपल्या मते, संपर्कव्यवस्था स्वस्त व्हावी हा हेतू रास्त असला, तरी त्याची किंमत दुर्बळ ग्रामपंचायतीने एकटीने मोजावी हे न्याय्य ठरणार नाही. तूर्त कोणत्याही ग्रामपंचायतीने स्वतःच्या समजुतीने जुनी आकारणी रद्द करू नये किंवा नवी बसवू नये. गटविकास अधिकाऱ्यांमार्फत लेखी मार्गदर्शन घ्यावे.

या प्रश्नाला दुसरी बाजूही आहे. गावाला जाळे हवेच आहे. सुमारे अडीच लाख ग्रामपंचायतींपर्यंत तंतू नेण्याची योजना ऑक्टोबर २०११ मध्ये मंजूर झाली आणि २०१५ पासून ती ‘भारतनेट’ या नावाने ओळखली जाऊ लागली. तिच्या सुधारित टप्प्यासाठी ऑगस्ट २०२३ मध्ये १,३९,५७९ कोटी रुपये मंजूर झाले. दूरसंचार कंपन्यांच्या महसुलातून गोळा होणाऱ्या निधीतून, म्हणजे शेवटी तुमच्या-आमच्या रिचार्जमधून, हा खर्च निघतो. त्या निधीस नव्या कायद्याने ‘डिजिटल भारत निधी’ असे नाव दिले आहे. शिधा, निवृत्तिवेतन, सातबारा या साऱ्याच गोष्टी जाळ्यावर आल्यामुळे, तंतू कार्यालयात येऊनही यंत्र बंद असेल तर सदस्यांनी त्याचा लेखी पाठपुरावा केला पाहिजे.

खाजगी जमिनीच्या बाबतीत नव्या कायद्याने आधी मालकाशी करार करण्याचा मार्ग सांगितला आहे. करार न झाल्यास, सार्वजनिक हितासाठी आवश्यक वाटल्यास केंद्र सरकार त्यात लक्ष घालू शकते. करार झाला तरी कंपनीस जमिनीवर मालकी वा हितसंबंध प्राप्त होत नाही. कराराचा कागद शेतकऱ्याने सही करण्यापूर्वी वाचून घ्यावा. भाडे, मुदत आणि मुदतीनंतर मनोरा कोण काढणार, या तीन बाबी त्यात आहेत की नाहीत ते पाहावे. मार्गाधिकाराविषयी तंटा उद्भवल्यास तो प्रथम जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे न्यावयाचा असतो, आणि तेथे अर्ज करताना ग्रामपंचायतीच्या ठरावाची, आवक क्रमांकाची व पत्रव्यवहाराची प्रत सोबत जोडावी.