हजेरी : ‘फकिरा’ कादंबरीवरून एक पाठ



रोज सकाळीं प्रार्थना आटोपली म्हणजे शिक्षक हजेरीपट उघडतात, एकेक नांव उच्चारतात, आणि तुम्ही ‘हजर’ म्हणून उत्तर देतां. ह्या शब्दांत तुम्हांस कांहीं विशेष वाटत नाहीं. वाटण्याचें कारणही नाहीं. कोणी आला नसेल तर तो आजारी तर नाहीं ना, एवढीच चौकशी त्यामागें असते. परंतु आपल्या ह्याच सातारा-सांगलीच्या मुलुखांत एके काळीं हजेरी हा शब्द ऐकून धडधाकट माणसांच्या माना खालीं जात. ती हजेरी शाळेंत नव्हे, चावडीपुढें होत असे. ती कोणाची होती व कां होती, हें तरुण वाचकांस समजावून देणारें, अण्णा भाऊ साठे यांच्या ‘फकिरा’ ह्या कादंबरीइतकें जिवंत पुस्तक मराठींत विरळा. म्हणून यंदा तिचा परिचय करून देण्याचें आम्हीं योजिलें आहे.

अण्णा भाऊंचा जन्म १ ऑगस्ट १९२० रोजीं वाळवें तालुक्यांतील वाटेगांव येथें झाला. त्या वेळीं हा तालुका सातारा जिल्ह्यांत होता. १९४९ सालीं दक्षिण सातारा हा निराळा जिल्हा झाला आणि १९६० सालीं त्यासच सांगली हें नांव मिळालें. तेव्हां सातारकर व सांगलीकर या दोघांनींही त्यांस आपले म्हणावें. त्यांनीं शाळेचें तोंड अवघें दीड दिवस पाहिलें असें सांगतात. लहानपणींच ते वडिलांबरोबर पायीं मुंबईस गेले, गिरणींत राबले, आणि रस्त्यावरच्या पाट्या व जाहिराती वाचतां वाचतां अक्षरें शिकले. अशा ह्या लेखकाची ‘फकिरा’ १९५९ सालीं प्रसिद्ध झाली. मूळचे सांगलीचे वि. स. खांडेकर यांनीं तिला प्रस्तावना लिहिली, ग्रंथकारानें ती डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या लेखणीस अर्पण केली, आणि १९६१ सालीं तिला राज्य शासनाचें पारितोषिक मिळालें. १९६९ सालीं अण्णा भाऊ निवर्तले. फकिरा हा केवळ कल्पनेंतील पुरुष नव्हे. तो त्यांच्या नात्यांतलाच होता, व अण्णा भाऊ जन्मले तेव्हां त्यानें बाळंतिणीसाठीं ओंजळभर रुपये दिले, अशी त्या घराण्यांतली आठवण सांगितली जाते.

कथा थोडक्यांत अशी. ज्या गांवाजवळ जोगिणी, त्या गांवास जत्रेचा मान. हा मान शिगांवाकडे असतो. वाटेगांवच्या मांगवाड्यांतील राणोजी गांवासाठीं जोगिणी आणावयास जातो; ती गांवास मिळते, पण राणोजी मारला जातो. गांवांत जत्रेचा आनंद, आणि राणोजीच्या घरांत त्याची म्हातारी आई राहीबाई, पत्नी राधा व पोरकीं मुलें! त्यांतलाच एक फकिरा. तो मोठा होतो. पुढें दुष्काळ पडतो, रोगराई येते, मांगवाड्यांत माणसें अन्नावांचून मरूं लागतात. विष्णुपंत कुलकर्णी ह्या सज्जनास ही दैना पाहवत नाहीं. मरण्यापेक्षां जगावें, असें तेच ह्या लोकांस सांगतात. फकिरा व त्याचे सोबती धान्य लुटतात आणि भुकेल्यांस वाटतात. मग सरकारचा कोप होतो, सबंध मांगवाड्यामागें हजेरी लागते, आणि फकिरा फरारी होतो. तो सांपडत नाहीं म्हणून इंग्रज अधिकारी बायका, मुलें व म्हातारीं माणसें धरून कोंडतो. त्यांच्या सुटकेसाठीं फकिरा आपण होऊन स्वाधीन होतो.

आतां ह्या कथेंतील दोन गोष्टींकडे लक्ष द्यावें. पहिली गोष्ट शोकाची. राणोजीनें प्राण दिला तो स्वतःसाठीं नव्हे, गांवासाठीं. ज्या गांवानें त्याच्या वाड्यास वेशीबाहेर ठेविलें होतें, त्याच गांवासाठीं. म्हणून त्याच्या घरच्यांच्या दुःखास दुहेरी धार आहे. ज्याच्या दाराशीं चार माणसें येऊन बसतात, ज्याची फिर्याद कोणीतरी ऐकतो, त्याचें दुःख हळूहळू निवतें. ज्याची फिर्याद ऐकण्यास कोणीच नाहीं, त्याचें दुःख आंतल्या आंत धुमसतें. फकिराच्या ठायीं तें धुमसतें खरें. तरी पित्याचा मारेकरी हातीं सांपडतो तेव्हां तो त्यास जखमी करितो, प्राण मात्र घेत नाहीं. पुष्कळ मुलें ही कादंबरी तरवारीच्या पराक्रमासाठीं वाचतात. आमचें सांगणें असें कीं, तरवार जेथें थांबली तें पान दोनदां वाचावें.

दुसरी गोष्ट हजेरीची. इंग्रज सरकारनें १८७१ सालीं गुन्हेगार जमातींचा कायदा केला. प्रथम तो उत्तर हिंदुस्थानांत लागू झाला, १९११ च्या कायद्यानें मुंबई इलाख्यासही लागू करतां येऊं लागला, आणि १९२४ सालीं त्यास पक्कें रूप मिळालें. ह्या देशांत सुताराचा मुलगा सुतार होतो, त्याच न्यायानें चोराचा मुलगा चोर होणार, असा युक्तिवाद त्यामागें होता. एकदां जमात गुन्हेगार ठरली कीं, तिच्या माणसांचीं नांवें पोलिसांच्या पुस्तकांत चढत, बोटांचे ठसे घेतले जात, ठरल्या वेळीं हजेरी द्यावी लागे व परवान्यावांचून परगांवीं जातां येत नसे. इतर माणसांचा आधीं गुन्हा घडतो व मग नांव लिहिलें जातें. येथें आधीं नांव लिहिलें जाई. आजारी मुलाच्या उशाशीं बसलेल्या बापानें हजेरी चुकविली तर तोच त्याचा गुन्हा! शेजारच्या कोल्हापुरांत छत्रपति शाहू महाराजांनीं १९१८ सालीं ही हजेरी बंद केली. मुंबई इलाख्यांत हा कायदा १९४९ सालीं रद्द झाला, आणि ३१ ऑगस्ट १९५२ रोजीं तो सबंध देशांतून गेला. कायदा गेला, पण लोकांच्या मनांतील यादी कोणी रद्द केली नाहीं. आजही कोठें चोरी झाली तर पोलिसांची गाडी पुष्कळदां आधीं कोणत्या वस्तीकडे वळते, हें पालकांस ठाऊक आहे.

मिशनमध्यें शिकून मोठ्या झालेल्या आम्हांस ह्या इतिहासांत केवळ दुसऱ्याकडे बोट दाखवून चालणार नाहीं. १८५५ सालीं पुण्यांत जोतीराव फुले व आपल्या सातारा जिल्ह्यांतील नायगांवच्या सावित्रीबाई यांच्या शाळेंतील मुक्ता साळवे ह्या सुमारें चौदा वर्षांच्या मुलीनें मांग-महारांच्या दुःखाविषयीं निबंध लिहिला. तो अमेरिकन मराठी मिशनच्या ‘ज्ञानोदया’नें छापिला. ही अभिमानाची गोष्ट होय. परंतु पुढें विसाव्या शतकांत सोलापूरच्या गुन्हेगार जमातींच्या वसाहतीचा कारभारही त्याच मिशननें पाहिला. तेथें शाळा होती, आणि तारांचें कुंपणही होतें. मुलांस अक्षरें शिकवीत, आणि त्यांच्या आईबापांची हजेरी घेत. तेथें काम करणारांत दयाळू माणसें होतीं, ह्याविषयीं आम्हांस शंका नाहीं. तथापि, कुंपणाच्या आंतली दया ही न्यायाच्या ठिकाणीं उभी राहूं शकत नाहीं. मुक्तेचें दुःख तिच्याच शब्दांत ऐकिलें गेलें. वसाहतींतील माणसांविषयीं मात्र दुसऱ्यांनींच ठरविलें.

हा दोष आपल्याच देशाचा आहे असेंही नाहीं. अमेरिकेंत अँजी टॉमस ह्या लेखिकेची ‘द हेट यू गिव्ह’ ही तरुण वाचकांसाठीं लिहिलेली कादंबरी २०१७ सालीं निघाली. तींत स्टार नांवाच्या सोळा वर्षांच्या कृष्णवर्णी मुलीच्या डोळ्यांदेखत तिच्या बालमित्रास, खलीलला, एक गोरा पोलीस गोळी घालतो. खलीलजवळ शस्त्र नसतें. केंस विंचरण्याचा ब्रश पोलिसास बंदूक वाटतो. नंतर लोक काय विचारतात? पोलिसानें गोळी कां घातली हें नव्हे, तर मेलेला मुलगा कसा होता हें! आपल्या मित्रासाठीं रडावें कीं बोलावें, हा स्टारपुढचा प्रश्न आहे, आणि शेवटीं ती बोलते. वाटेगांव व अमेरिका यांत सात समुद्रांचें अंतर आहे. तेथें रंग पाहतात, येथें जात पाहतात. पण माणूस पाहण्यापूर्वींच त्याचा गुन्हा पाहणारा डोळा दोन्हींकडे एकच आहे.

तो डोळा फक्त पोलिसांस असतो असें आम्हांसही वाटे. कांहीं वर्षांपूर्वीं आमच्या वर्गांत एका मुलीची कंपासपेटी हरवली. कोणी कांहीं बोलण्यापूर्वींच आमची दृष्टि मागच्या बाकावरील एका मुलावर जाऊन थांबली. त्याचें आडनांव आम्हांस ठाऊक होतें, वस्तीही ठाऊक होती. ‘दप्तर दाखव,’ एवढेंच आम्ही म्हणालों. त्यानें दप्तर बाकावर पालथें केलें. दोन वह्या, एक पेन्सिल आणि फडक्यांत बांधलेली भाकरी. पेटी त्या मुलीच्याच घरीं सांपडली. आम्हीं त्या मुलाची क्षमा मागितली, पण व्हरांड्यांत, एकट्यास गांठून. दप्तर मात्र सर्वांदेखत पाहिलें होतें. त्या दिवसानंतर वर्ष संपेपर्यंत त्यानें आमच्याकडे पाहून ‘हजर’ म्हटलें नाहीं. जमिनीकडे पाहून म्हणे. ‘फकिरा’ आम्हीं त्यापूर्वींही वाचली होती. ती कळली मात्र त्या वर्षीं.

पालकांस एक विनंती. ह्या कादंबरींत रक्तपात आहे, म्हणून ती लहान मुलांच्या हातीं देऊं नये. नववीच्या पुढील मुलामुलींनीं ती अवश्य वाचावी, आणि शक्य तर घरांतील वडील माणसांबरोबर वाचावी. लूट चांगली कीं वाईट, असा वाद मुलें घालतील, घालूं द्यावा. मात्र त्या वादाच्या शेवटीं, माणसें उपाशी मरत असतां धान्य कोठें होतें, हा प्रश्न त्यांस अवश्य विचारावा. उद्यां वर्गांत हजेरी सुरू झाली कीं, विद्यार्थ्यांनींही आपल्या शेजाऱ्याचें नांव कान देऊन ऐकावें. तें नांव कानीं पडतांच त्याचा चेहरा डोळ्यांपुढें येतो कीं त्याची वस्ती, हें ज्याचें त्यानें आपल्याशीं ताडून पाहावें.

अभ्यासासाठीं प्रश्न

१. राणोजीच्या मृत्यूनें गांवास काय मिळालें व त्याच्या घरानें काय गमाविलें?
२. पित्याच्या मारेकऱ्याचा प्राण फकिरानें कां घेतला नसावा? तुमचें मत सकारण लिहा.
३. शाळेंतील हजेरी व चावडीवरची हजेरी यांतील भेद दहा ओळींत सांगा.
४. तुमच्यावर किंवा तुमच्या मित्रावर कधीं विनाकारण संशय घेतला गेला आहे काय? त्या वेळीं कोण बोललें व कोण गप्प राहिलें?