तैवानचे रात्रबाजार : मार्गदर्शकासह एक फेरी

तैवानमधील शहरांत संध्याकाळी पाचच्या सुमारास काही रस्त्यांचे रूप पालटू लागते. चाकांच्या गाड्या ढकलत आणल्या जातात, गॅसच्या शेगड्या पेटतात, दिव्यांच्या माळा लागतात आणि अंधार पडेपर्यंत त्या रस्त्याचा बाजार झालेला असतो. मध्यरात्रीच्या आसपास तो पुन्हा विरून जातो. चिनी भाषेत यास ‘ये-शी’ म्हणतात. ‘ये’ म्हणजे रात्र आणि ‘शी’ म्हणजे बाजार. कपडे, खेळणी, नेमबाजीचे खेळ असे बरेच काही तेथे असले, तरी लोक येतात ते मुख्यतः खाण्यासाठी. परदेशी प्रवाशांसाठी आता या बाजारांत मार्गदर्शकासह पायी फेऱ्या निघतात. अशा फेरीत प्रवाशाच्या पदरात नेमके काय पडते आणि काय निसटते, याचा विचार येथे करावयाचा आहे.

प्रथम थोडा इतिहास पाहू. तैवानमधील अनेक जुने रात्रबाजार देवळांच्या आश्रयाने वाढले. समुद्रापलीकडील फूच्येन प्रांतातून होड्यांनी आलेल्या वसाहतवाल्यांनी समुद्रदेवता मात्सू हिची मंदिरे जागोजाग उभारली. मंदिरापुढील मोकळ्या जागेत दर्शनाला येणाऱ्यांसाठी खाद्यपदार्थ विकणारे बसू लागले. कीलुंग या बंदरातील प्रसिद्ध बाजाराचे नावच ‘म्याओ-कौ’, म्हणजे ‘देवळाचे तोंड’ असे आहे. आपल्याकडील जत्रेची आठवण होईल. पण जत्रा वर्षातून एकदा भरते, हा बाजार रोज भरतो. 1949 मध्ये चीनमधील यादवी युद्धानंतर दहा लाखांहून अधिक लोक मुख्य भूमीवरून तैवानमध्ये आले. त्यांच्याबरोबर निरनिराळ्या प्रांतांच्या पाककृती आल्या आणि उपजीविकेसाठी हातगाडी लावण्यावाचून पुष्कळांना गत्यंतर उरले नाही. पुढे 1960 व 1970 च्या दशकांत निर्यातीसाठी माल बनविणारे कारखाने वाढले. उशिरा सुटणाऱ्या कामगारांना स्वस्त आणि गरम जेवण हवे होते. ताइचुंग शहरातील फेंगच्या बाजार विद्यापीठाच्या शेजारी वाढला, त्याचे कारणही असेच सरळ आहे.

म्हणजे हे अन्न मुळात पाहुण्यांसाठी नव्हते. ते कामकऱ्यांचे, विद्यार्थ्यांचे आणि देवदर्शनाला आलेल्यांचे अन्न होते. 2018 मध्ये मिशेलिन या फ्रेंच प्रकाशनाची ताइपेसाठी पहिली मार्गदर्शिका निघाली आणि तिच्या माफक किमतीच्या चांगल्या खाण्याच्या यादीत रात्रबाजारातील काही गाड्यांची नावे आली. तेव्हापासून विशिष्ट गाड्यांपुढील रांगा वाढल्या, आणि हातात यादी घेऊन येणारा प्रवासी हे नित्याचे दृश्य झाले.

मार्गदर्शकाचे काम पुष्कळसे भाषांतरकाराच्या कामासारखे आहे, आणि प्रस्तुत लेखकाला त्याची अडचण पहिल्याच शब्दापाशी जाणवते. रात्रबाजारातील पदार्थांना ‘श्याओ-छ’ असे नाव आहे. शब्दशः ‘लहान खाणे’. त्यासाठी ‘न्याहारी’ म्हणावे तर वेळ चुकते, ‘फराळ’ म्हणावे तर सण आठवतो, आणि ‘चटकमटक’ म्हटल्यास पदार्थाचे महत्त्व कमी होते. श्याओ-छ म्हणजे पोट न भरता पुढच्या गाडीसाठी जागा ठेवणारी एक बशी. हे ध्यानात आले की फेरीची रीतही समजते: एका ठिकाणी बसून जेवावयाचे नाही, थोडे थोडे खात चालावयाचे.

ताइपेच्या पूर्व भागातील राओहे रस्त्यावरील बाजार अशा फेरीसाठी सोयीचा आहे. त्याची लांबी सुमारे 600 मीटर. 1987 मध्ये त्याला रात्रबाजार म्हणून अधिकृत रूप मिळाले. परंतु त्याच्या पूर्व टोकाशी असलेले मात्सूचे त्सियौ मंदिर 1753 मधील आहे. मागून कीलुंग नदी वाहते आणि ही वस्ती एके काळी नदीवरचे बंदर होती, हे ध्यानात घेतले म्हणजे समुद्रदेवता शहराच्या आत कशी, या प्रश्नाचे उत्तर मिळते. चांगला मार्गदर्शक आरंभ मंदिरापासून करतो. घाईचा मार्गदर्शक मंदिराकडे बोट दाखवून पहिल्या गाडीकडे वळतो. त्याच्याबरोबर गेलेल्यांना बाजार दिसतो, पण तो येथेच का आहे हे कळत नाही. बाजारात गाड्यांची एक रांग रस्त्याच्या मधोमध असते. माणसांचा प्रवाह उजव्या बाजूने पुढे जातो आणि दुसऱ्या बाजूने परततो. मध्येच उलटे फिरण्याचा प्रयत्न करणाऱ्यास हा नियम लवकरच समजतो.

मंदिराच्या जवळच मिऱ्याची पोळी मिळते. ‘पोळी’ हा शब्द सोयीसाठी वापरला आहे. वस्तुतः ती मुठीएवढी, भरलेली, फुगीर भाकरी असते. मळलेल्या कणकेत डुकराचे मांस, भरपूर काळी मिरी आणि चिरलेली कांद्याची पात भरतात, वर तीळ लावतात आणि ती उंच मातीच्या भट्टीच्या आतील भिंतीवर चिकटवतात. तळाशी कोळसे असतात. भारतीय वाचकाला भट्टी पाहताच तंदूर आठवेल, आणि तत्त्व तेच आहे: भिंतीच्या उष्णतेने तळ खरपूस होतो व आतल्या झळीने वरचा भाग भाजला जातो. हा पदार्थ फूच्येन प्रांतातील फूचौ शहराकडून आला असे मानतात. पात व मांस यांचा रस आतच कोंडलेला असल्यामुळे पहिला घास फार जपून घ्यावा लागतो. कडेला लहानसे भोक पाडून वाफ जाऊ द्यावी, मग खावे, असे मार्गदर्शक सांगतो. जे ऐकत नाहीत त्यांची जीभ पोळते.

येथेच सामूहिक फेरीतील एक दोष उघड होतो. आठ जणांच्या गटाला सहा-सात पदार्थ चाखवावयाचे, म्हणून एका पोळीचे चार तुकडे केले जातात. तुकडे होताच रस कागदावर सांडतो आणि हाती कोरडे कवच उरते. तळलेली रताळ्याची गोळी वाटून खाता येते. मिऱ्याची पोळी वाटून खाण्याची वस्तू नव्हे. कोणता पदार्थ वाटावा आणि कोणता प्रत्येकाला अखंड द्यावा, हे ठरविण्यात मार्गदर्शकाची पारख दिसते. फेरी ठरविण्यापूर्वी प्रवाशाने हा प्रश्न अवश्य विचारावा.

पुढे वास येतो तो ‘छौ-तोफू’चा. इंग्रजीतून आलेले याचे ‘दुर्गंधी टोफू’ हे नाव प्रवाशाला आधीच पळवून लावते. सोयाबीनच्या दुधापासून केलेल्या वड्या आंबवलेल्या खाऱ्या पाण्यात मुरवून मग तळतात, आणि सोबत आंबटगोड कोबी देतात. वास उग्र, चव मात्र सौम्य. सुकट ज्या घरात भाजली जाते तेथील माणसाला वास आणि चव यांतले हे अंतर वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही.

कालवांचे धिरडे हा तैवानचा जवळजवळ राष्ट्रीय पदार्थ. सपाट लोखंडी तव्यावर लहान कालवे टाकतात, त्यावर रताळ्याच्या पिठीचे पातळ कालवण ओततात, मग अंडे फोडतात, हिरवी पालेभाजी घालतात आणि वरून गोडसर तांबडा रस देतात. पिठीमुळे धिरडे चिकट व लवचिक होते. अशा लवचिकपणासाठी तैवानी लोक ‘क्यू’ हे रोमन अक्षरच विशेषणासारखे वापरतात. ज्याला ‘क्यू’ म्हटले त्याची ती स्तुती झाली. या धिरड्यापाशी मार्गदर्शक हमखास एक कथा सांगतो. 1661 मध्ये कोशिंगा या सेनानीने डचांच्या झीलँडिया किल्ल्याला वेढा घातला, डचांनी तांदूळ दडवून ठेवला, तेव्हा उपाशी सैनिकांनी कालवे आणि रताळ्याची पिठी एकत्र करून हा पदार्थ केला, अशी ती कथा आहे. वेढा खरा आहे आणि 1662 मध्ये किल्ला पडला हेही खरे. पाककृतीचा जन्म मात्र स्थलपुराणाच्या जातीचा आहे. त्यापेक्षा रताळ्याची साधी हकिगत अधिक बोलकी आहे: जपानी राजवटीत, 1895 ते 1945 या काळात, तैवानचा तांदूळ मोठ्या प्रमाणावर जपानला जात असे आणि गरीब शेतकऱ्याच्या ताटात रताळे उरत असे. धिरड्यातील चिकटपणा हा त्या गरिबीच्या अन्नाचा आहे. ही गोष्ट फेरीत क्वचितच सांगितली जाते, कारण तीत सेनानी नाही.

भारतीय वाचकाच्या मनात एव्हाना एक प्रश्न आला असेल: शाकाहारी माणसाने येथे काय करावे? वरवर पाहता उत्तर निराशाजनक आहे. तळणाला डुकराची चरबी असू शकते, टोफू मुरविण्याच्या पाण्यात कोळंबी किंवा मांस असू शकते, आणि भाजीवर मांसाचा रस्सा सहज ओतला जातो. तरीही बौद्ध परंपरेमुळे तैवानमध्ये शाकाहार ही ओळखीची, आदराने पाहिली जाणारी गोष्ट आहे. ‘सू’ हे अक्षर असलेली पाटी शाकाहारी अन्न दर्शविते, आणि तिच्याजवळ पुष्कळदा स्वस्तिक काढलेले असते. त्याच्या भुजा आपल्या नेहमीच्या स्वस्तिकाच्या उलट दिशेला वळलेल्या असतात, पण ओळख पटण्यास वेळ लागत नाही.

याहून लक्षणीय गोष्ट पुढेच आहे. कडक बौद्ध शाकाहारात पाच उग्र वनस्पती वर्ज्य असतात. त्यांत लसूण व कांद्याच्या जातीच्या भाज्या येतात, आणि पाचवे नाव येते ‘शिंग-च्यू’. हा चिनी शब्द नाही. तो संस्कृत ‘हिंगु’ शब्दाचा चिनी उच्चार आहे. बौद्ध ग्रंथांबरोबर हिंगाचे नाव तेथवर पोचले, हिंग मात्र तेथील स्वयंपाकात रुजला नाही, आणि आज तैवानमध्ये त्या नावाचा अर्थ पुष्कळदा गोल कांदा असा लावला जातो. आपल्याकडे जो कांदा-लसूण खात नाही तो त्यांच्या जागी हिंग वापरतो; त्यांच्या यादीत हिंग हाच निषिद्ध. 2009 पासून तैवानमध्ये बांधीव शाकाहारी पदार्थांवर पाच वर्गांपैकी कोणता ते छापावे लागते, आणि उग्र वनस्पती असलेल्या अन्नाचा त्यांत स्वतंत्र वर्ग आहे. हातगाडीवर अशी चिठ्ठी नसते. तेथे मार्गदर्शकाच्या जिभेवरच विसंबावे लागते. ‘मांस नाही ना?’ एवढे विचारणे पुरेसे नाही. तळण कशाचे, रस्सा कशाचा, मुरवण कशाचे, असे तीन प्रश्न वेगवेगळे विचारावे लागतात. जो मार्गदर्शक ते न कंटाळता विचारतो त्याच्याबरोबर जावे.

एक तक्रार नोंदवली पाहिजे. बहुतेक फेऱ्या त्याच त्याच पाच-सहा गाड्यांपाशी थांबतात. त्यांच्यापुढे रांग वाढते, आणि शेजारची, तितकीच चांगली, पण यादीत नसलेली गाडी रिकामी राहते. गट उभा राहिल्याने तिचा दर्शनी भागही झाकला जातो. घरी परतताना भाजी-भाताचा डबा बांधून नेणाऱ्या नेहमीच्या गिऱ्हाइकाला गर्दीतून वाट काढावी लागते. मार्गदर्शक एकटा हे बदलू शकत नाही. परंतु एका ठरलेल्या गाडीऐवजी दोन आडबाजूच्या गाड्या तो निवडू शकतो, आणि काहीजण तसे करतातही.

फेरीचा शेवट बहुधा थंड पदार्थाने होतो. त्यांत ‘आयू’ सर्वांत पाहण्यासारखा. वड, उंबर आणि अंजीर यांच्याच कुळातील एक वेल तैवानच्या डोंगरांत वाढते. तिच्या फळातील सुकविलेल्या बिया फडक्यात बांधून पाण्यात हाताने चोळतात. विस्तव नाही, साखर नाही. बियांतील पेक्टिन पाण्यातील खनिजांशी मिळून काही वेळाने आपोआप घट्ट होते आणि पिवळसर, थरथरणारी खीर-खरवसाच्या मधली वस्तू तयार होते. शुद्ध केलेल्या ऊर्ध्वपातित पाण्यात मात्र ती जमत नाही. लिंबू आणि साखरेचा पाक घालून ती देतात. दूध नाही, अंडे नाही, प्राणिज सरस नाही, तेव्हा शाकाहाऱ्याने ती निःशंकपणे मागवावी. पंच उदुंबर वर्ज्य मानणारे जैन वाचक मात्र येथेही थबकतील, आणि त्यांच्यासाठी मार्गदर्शकाला शेजारच्या गाडीवरून कापलेल्या पेरूची पिशवी आणावी लागेल.