साहेबमामा फत्तेलाल : कलादिग्दर्शक आणि दिग्दर्शक

कलादिग्दर्शक म्हणजे रंगरंगोटी करून बाजूला होणारा माणूस, अशी आपल्यापैकी पुष्कळांची समजूत असते. ती किती अपुरी आहे हे साहेबमामा फत्तेलाल यांच्या कारकिर्दीवरून दिसते.

फत्तेलाल मूळचे कागलचे. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत ते व विष्णुपंत दामले तयार झाले. बाबूरावांनी कॅमेरासुद्धा स्वतः खटपट करून बनवला होता; तेव्हा चित्रकार आणि कारागीर असा भेद तेथे फारसा नसावा. १९२८ मध्ये या दोघांनी ‘महारथी कर्ण’ दिग्दर्शित केला. पुढच्या वर्षी शांतारामबापू, धायबर व कुलकर्णी यांच्यासह त्यांनी ‘प्रभात’ काढली. १९३३ मध्ये कंपनी पुण्यास आली.

शांतारामबापूंच्या ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) व ‘अमृतमंथन’ (१९३४) या चित्रपटांचे कलादिग्दर्शन फत्तेलाल यांचे. ‘अमृतमंथन’मधील देवीचे मंदिर इतके भव्य की त्यापुढे माणूस खुजा वाटतो. राजगुरूची सत्ता दाखवायची असल्याने ते योग्यच होते.

दामले-फत्तेलाल यांनी १९३६ मध्ये ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला, तेव्हा मात्र ही भव्यता त्यांनी दूर ठेवली. आमच्या महाविद्यालयात तो दाखवला गेला तेव्हा मला आधी दिसले ते तुकोबांचे घर. माझे वडील सुतार आहेत. चौकट बसवण्यापूर्वी उजेड कोठून येतो आणि घरातल्या बाईची चूल कोठे आहे, हे ते विचारतात. त्या घराला असेच कोणीतरी विचारून उभे केले आहे. गौरीबाईंची जिजाई तेथे अभिनय करते असे वाटतच नाही. ती कामात असते, आणि काम करता करता नवऱ्यावर करवादते. मुलाच्या दुखण्याने संतापून ती पायताण घेऊन देवळात जाते तेव्हा तो राग त्या रिकाम्या घरातूनच आलेला असतो.

माझे काही मित्र म्हणतात, हा चमत्कारांचा चित्रपट आहे. मला तसे वाटत नाही. घर खरे आहे म्हणून तर शेवटचे विमान आपण मान्य करतो. आणि विमान वर जाते तेव्हा आपली नजर खाली राहिलेल्या जिजाईकडे जाते. हा चित्रपट मुंबईत वर्षाहून अधिक काळ चालला आणि १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. देहूचे ते घर तेथेही परके वाटले नाही.

‘गोपाळकृष्ण’ (१९३८) व ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) हेही या जोडीचेच. ‘ज्ञानेश्वर’मधली चालती भिंत थक्क करते, परंतु माणसांपेक्षा भिंतच अधिक लक्षात राहते. दामले १९४५ मध्ये निवर्तले. फत्तेलाल यांनी त्यानंतर ‘जगद्गुरू शंकराचार्य’ (१९५५) दिग्दर्शित केला. पण तुकोबांच्या घरासारखे घर त्यांना पुन्हा बांधायला मिळाले नाही, असे माझे मत आहे.