सदोष मीटर आणि आपले वीजबिल

डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९४२ ते १९४६ या काळात व्हाईसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे प्रमुख होते, हे आपणा सर्वांस ठाऊक आहे. परंतु विजेचे धोरणही याच खात्याकडे होते आणि १९४४ मध्ये केंद्रीय तांत्रिक वीज मंडळ त्यांच्याच कारकिर्दीत स्थापन झाले, हे आपल्या विद्यार्थ्यांना क्वचितच सांगितले जाते. स्वस्त व मुबलक विजेशिवाय उद्योग नाहीत आणि उद्योगांशिवाय गरिबी हटणार नाही, अशी बाबासाहेबांची भूमिका होती.

आज वस्तीवस्तीत वीज आहे. पण मीटर बिघडून भरमसाट बिल आले की घर हादरते. कोणी व्याजाने पैसे काढून मुकाट्याने भरतो, तर कोणी रागाने भरतच नाही. मग ऐन परीक्षेत मुले अंधारात बसतात. दोन्ही मार्ग चुकीचे आहेत. योग्य मार्ग आम्ही येथे थोडक्यात मांडत आहोत.

१) प्रथम तपासा : केवळ कोणी सांगितले म्हणून मानू नका, स्वतः पारखून घ्या, हा तथागतांचा कालामांना दिलेला उपदेश बिलालाही लागू पडतो. बिलावरील चालू रीडिंग मीटरशी ताडून पाहावे. रीडिंगच्या जागी 'फॉल्टी' किंवा 'लॉक' असा शेरा असेल, तर ते बिल सरासरीने काढलेले असते. नंतर घरातील मेन स्विच बंद करावा. तरीही मीटर चालत असेल, तर मीटरमध्ये दोष आहे किंवा मेन स्विचच्या अलीकडे वीज गळते आहे. दुसरी कसोटी अशी : बाकी सर्व उपकरणे बंद ठेवून १००० वॅटचा पाणी तापविण्याचा रॉड बादलीत एक तास चालवावा. मीटर सुमारे १ युनिट पुढे गेले पाहिजे. रॉड चालू असताना पाण्यात हात घालू नये.

२) स्लॅब पाहा : महावितरणच्या घरगुती दरात १०० युनिटांपर्यंत कमी व पुढे चढता दर असतो. समजा, तीन महिने रीडिंगच झाले नाही आणि एकदम २७० युनिट आले. म्हणजे महिन्याला ९० युनिट. सर्व पहिल्याच स्लॅबमधील. ते एकाच महिन्याचे धरले, तर १७० युनिटांना वरचा दर लागतो. म्हणून युनिट महिन्यांत विभागून मागावेत.

३) लगेच लिहा : तोंडी तक्रारीला पुरावा नसतो. ग्राहक क्रमांक, रीडिंग, तारीख लिहून मीटर चाचणीची मागणी करावी, चाचणी शुल्क भरावे आणि अर्जाच्या प्रतीवर पोच घ्यावी. राज्य वीज नियामक आयोगाच्या पुरवठा संहितेनुसार सदोष मीटरच्या बिलाची दुरुस्ती वादाच्या महिन्यापूर्वीच्या जास्तीत जास्त ३ महिन्यांपुरतीच होते. वर्षभर गप्प बसणाऱ्याचे नऊ महिने वाया जातात. चाचणी अहवालही अवश्य मागावा.

४) वीज तुटू देऊ नका : वीज कायदा २००३ च्या कलम ५६ नुसार थकबाकीसाठी वीज तोडण्यापूर्वी १५ दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. बिलाची रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती 'निषेध नोंदवून' भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही.

५) वर दाद मागा : कार्यालयाने ऐकले नाही, तर ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे जावे. तेथे ग्राहक स्वतः बाजू मांडू शकतो. त्यापुढे मुंबई व नागपूर येथे विद्युत लोकपाल आहेत.

मीटरचे सील मात्र कधीही तोडू नये. तो गुन्हा आहे. आणि मीटर मंद चालत असेल, तर तेही कळवावे. न दिलेले न घेणे हे आपले शील आहे. जो स्वतः चोख वागतो, त्याच्या अर्जाला वजन येते.

विद्यार्थ्यांना आमची विनंती आहे की, दर महिन्याच्या एक तारखेला घरचे रीडिंग वहीत लिहावे आणि शेजारच्या निरक्षर आजीचेही लिहून द्यावे. बारा ओळींची ही वही अडचणीच्या वेळी सर्वांत मोठा पुरावा ठरेल. शिक्षणाचा उपयोग तो हाच.

जयभीम!