कुडलच्या संगमावर

सीना नदी आपल्या बाजूच्या लोकांना ठाऊक आहे. २०२५ च्या सप्टेंबरात ती किती फुगली, हेही आपण विसरलेलो नाही. पण ही नदी पुढे जाते कुठे?

आमच्या वैरागच्या रात्रीच्या वर्गात मी हा प्रश्न विचारला. कोणी म्हणाले, सोलापूरला. कोणी म्हणाले, पंढरपूरला. मागे बसलेल्या आजी म्हणाल्या, "बघून यावं की गुरुजी. हितं बसून कसं कळंल?"

आजींचे म्हणणे बरोबर होते. म्हणून माघ महिन्यात एके दिवशी पहाटे आम्ही निघालो. वर्गातली तेवीस माणसे आणि एक भाड्याची गाडी. प्रत्येकाने भाकरी बांधून घ्यायची, एक कोरडा कपडा घ्यायचा, वही आणि पेन्सिल घ्यायची, असे ठरले होते. एक लांब दोरही घ्यायचा होता. त्या दोराची गोष्ट पुढे येईल.

सोलापूर मागे टाकले आणि विजापूरच्या रस्त्याला लागलो. वडकबाळला पूल आला. खाली सीना. पुढे मंद्रूपकडून आत वळून आम्ही हत्तरसंग कुडल या गावी पोचलो. हे गाव दक्षिण सोलापूर तालुक्यात आहे. इथे सीना भीमेला मिळते. सीना येते अहिल्यानगर जिल्ह्यातून. भीमा येते भीमाशंकराच्या डोंगरातून. पंढरपुरात जिला आपण चंद्रभागा म्हणतो, तीच ही भीमा. पलीकडचा काठ कर्नाटकाचा. दोघी एक होऊन पुढे कृष्णेला मिळायला जातात.

कुडल नावाची गावे बरीच आहेत. कन्नड भाषेत नद्या मिळतात त्या जागेला कूडल म्हणतात. बसवेश्वरांचे कूडलसंगम वेगळे. ते कर्नाटकात, कृष्णा आणि मलप्रभा यांच्या संगमावर आहे. गाडी ठरवताना नीट सांगावे. नाहीतर चालक भलतीकडे नेईल.

गाडीतून उतरताच सगळे पाण्याकडे धावले. मी सर्वांना थांबवले आणि दोन गोष्टी सांगितल्या. त्या तुम्हालाही सांगतो.

आपण विहिरीत पोहायला शिकलेली माणसे. लहानपणी कोणी पाठीला वाळका भोपळा बांधला, कोणी पांगाऱ्याचा ओंडका, कोणी पत्र्याचा डबा. बापाने कमरेला दोर बांधून खाली सोडले. चार दिवस नाकातोंडात पाणी गेले, पाचव्या दिवशी पोहता आले. पण विहिरीतले पाणी उभे असते. नदीचे पाणी चालते. वरून संथ दिसते, आत ओढ असते. संगमावर तर दोन नद्यांची दोन वेगळी ओढ. तळाला कुठे वाळू, कुठे गुडघाभर गाळ, कुठे एकदम खड्डा. वरच्या धरणातून पाणी सोडले, तर ऊन पडलेले असतानाही नदी चढते. म्हणून आधी तिथल्या माणसांना विचारावे. कमरेच्या वर पाण्यात जाऊ नये. परक्या पाण्यात मुटका मारू नये.

सगळ्यांनी मान हलवली. पण मान हलवणे वेगळे आणि ऐकणे वेगळे. चाळीस वर्षे शाळेत काढली, एवढे मला कळायला हवे होते.

आमच्या वर्गात बाविशीचा एक पोरगा आहे. अंगाने तालमीतला. थारोळ्यावरून विहिरीत उडी घेण्यात त्याचा हात कोणी धरत नाही. आम्ही काठाशी अंघोळी करत होतो. हा बोलत बोलत पुढे गेला. छातीपर्यंत पाणी आले, मग पाय सुटले. त्याने तोंड आमच्याकडे केले आणि सरळ काठाकडे हात मारायला लागला. हात मारतो आहे, पण जवळ येत नाही. उलट खालच्या अंगाला सरकतो आहे. थोड्याच वेळात त्याचे हात जड झाले.

मी ओरडलो, "दोर आणा!"

दोर कुठे होता? वैरागला, माझ्याच ओसरीवर. दोर घेण्याचे काम मी दुसऱ्याला सांगितले होते. त्याला वाटले, गुरुजी घेतील. गाडीत चढताना मी तपासले नाही.

त्याचा चुलता पाण्यात उडी घ्यायला निघाला. त्याला दोघांनी धरून ठेवले. तेवढ्यात आजींनी आपले बोचके सोडले. त्यात कोरडे लुगडे होते. लुगड्याच्या टोकाला त्यांनी पितळी तांब्या बांधला. तात्यांनी तो तांब्या फिरवून पोराच्या पुढ्यात फेकला. पहिली फेक चुकली. दुसरी जमली. पोराने पदर धरला. दोघे काठावर पालथे पडले, बाकीच्यांनी त्यांचे पाय धरले, आणि लुगडे हळूहळू ओढून घेतले.

"नऊ वार हाय," आजी म्हणाल्या. "दोन वार कमी असतं तर पोचलं नसतं."

पोरगा शुद्धीवर होता. थोडे पाणी गिळले होते, एवढेच. घाबरून तो तासभर बोलला नाही. आम्हीही त्याला रागावलो नाही.

आता हे नीट वाचा. बुडणाऱ्याला वाचवायला एकदम उडी घेऊ नये. तो जिवाच्या भीतीने मिठी मारतो आणि दोघेही जातात. काठावरून काठी, दोर, धोतर, लुगडे, रिकामा डबा, जे हाती लागेल ते त्याच्याकडे टाकावे. आणि स्वतः ओढीत सापडलात तर पाण्याशी भांडू नये. पाठीवर पडावे, पाण्याबरोबर जावे आणि तिरके तिरके काठाला लागावे. बाहेर काढलेला माणूस श्वास घेत नसेल, तर त्याला उलटे टांगू नये आणि पोटावर दाबत बसू नये. त्यात वेळ जातो. नाक दाबून, तोंडाला तोंड लावून पाच वेळा श्वास फुंकावा. मग छातीच्या मधोमध तळहातांनी जोराने आणि भरभर तीस वेळा दाबावे. पुन्हा दोन श्वास, पुन्हा तीस वेळा दाबणे. दुसऱ्याने १०८ ला फोन करावा. गाडी येईपर्यंत हे थांबवू नये.

दुपारी झाडाखाली भाकरी सोडल्या. कडक भाकरी, शेंगांची चटणी, कांदा. तात्या म्हणाले, "नदीपरीस आपली विहीर बरी. जगात असा मुलूख न्हाई का गुरुजी, जितं नदीच न्हाई, निस्त्या विहिरी?"

"आहे," मी म्हणालो.

तो मुलूख फार लांब आहे. अमेरिकेच्या बाजूला मेक्सिको नावाचा देश आहे. त्यात युकातान नावाचा भाग आहे. तिथला खडक आपल्यासारखा काळा नाही. तो चुनखडीचा आहे. चुनखडी पावसाच्या पाण्याने हळूहळू विरघळते. हजारो वर्षे पाणी झिरपले आणि जमिनीच्या पोटात भुयारे झाली. पाणी भुयारांतून वाहते, म्हणून उत्तर युकातानात जमिनीवर नदी दिसत नाही. कुठे कुठे भुयाराचे छत कोसळते आणि आपोआप विहीर तयार होते. तिला तिथे सेनोते म्हणतात. आपल्याला सुरुंग लावून, सबली मारून विहीर पाडावी लागते. त्यांना ती आयती मिळाली.

त्या विहिरींच्या आसऱ्याने माया नावाच्या लोकांनी मोठी नगरे उभारली. एका नगराचे नाव चिचेन इत्झा. या नावाचा अर्थच 'इत्झा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी' असा आहे. तिथे पायऱ्यापायऱ्यांचे एक उंच देऊळ आहे. त्याला चार बाजू. प्रत्येक बाजूला ९१ पायऱ्या. वर आणखी एक. बेरीज करून पाहा, वर्षाचे दिवस येतात. तिथली एक विहीर देवाची मानत. सुमारे ६० मीटर रुंद. तिच्यात सोने, मौल्यवान दगड टाकत आणि माणसांचा बळीही देत. त्या विहिरीत आज कोणाला उतरू देत नाहीत. जवळपासच्या दुसऱ्या विहिरींत मात्र प्रवासी पोहतात. सकाळी ओसाड नगर पाहायचे, दुपारी विहिरीत पोहायचे, अशी तिथली एका दिवसाची सहल असते. बरोबर वाटाड्या असतो. पाण्यात उतरण्याआधी अंग धुवायला लावतात आणि बऱ्याच ठिकाणी तरंगते जाकीट घालायला लावतात.

"म्हंजी पांगाराच की," आजी म्हणाल्या.

माया लोक लिहीत होते. चित्रांसारखी त्यांची अक्षरे होती. शून्यही त्यांना ठाऊक होते. ते शून्य शिंपल्यासारखे काढत. मग स्पेनच्या लोकांनी तो मुलूख जिंकला. १५६२ साली दिएगो दे लांडा नावाच्या पाद्र्याने मानी या गावी त्यांच्या पोथ्या जाळल्या. आज त्यांच्या जुन्या पोथ्यांपैकी चारच उरल्या आहेत. अक्षर शिकवणारे गेले, शिकणारे गेले. माया लोक संपले नाहीत. लाखो लोक आजही तिथे राहतात, आपली भाषा बोलतात. पण वाडवडिलांनी दगडावर काय कोरले, हे त्यांना वाचता येईना. शेकडो वर्षे ते दगड मुके उभे राहिले. १९५२ साली रशियात युरी क्नोरोझोव्ह नावाच्या विद्वानाला ती अक्षरे वाचण्याची वाट सापडली. मग अनेकांनी खटपट केली, तेव्हा दगड बोलू लागले.

तात्या गप्प बसले. मग म्हणाले, "समूर दगड हाय आन् वाचता येत न्हाई. ते मला ठावं हाय."

जेवण झाल्यावर आम्ही देवळांकडे वळलो. इथे दोन जुनी देवळे आहेत, हरिहरेश्वर आणि संगमेश्वर. ज्यांना कल्याणीचे चालुक्य म्हणतात, त्या राजांच्या काळची. कल्याणी म्हणजे आजचे बसवकल्याण. हरिहरेश्वराचे देऊळ बरेचसे मातीत गाडले गेले होते. विसाव्या शतकाच्या अखेरीस माती उपसली, तेव्हा ते मोकळे झाले. त्याचा एक मंडप गोल आहे आणि वरून उघडा आहे. त्याला स्वर्गमंडप म्हणतात. आत उभे राहिले की डोक्यावर आभाळ दिसते.

तिथे एक मोठे शिवलिंग आहे. त्यावर ओळीने शंकराची मुखे कोरली आहेत. मोजणारे साडेतीनशेच्या वर मोजतात. आमच्यातल्या पाचजणांनी मोजायला सुरुवात केली. पाच जणांची पाच उत्तरे आली. मग भांडण झाले, आणि मी सगळ्यांना बाहेर काढले.

तिथेच आणखी एक गोष्ट घडली. वर्गातल्या एका नव्या विद्यार्थ्याने चुलीतला कोळसा उचलला आणि तो खांबापाशी गेला. त्याला आपले नाव लिहायचे होते. दोन महिन्यांपूर्वीच तो नाव लिहायला शिकला. त्याचा आनंद मला कळला. पण मी त्याचा हात धरला. दगडावर आधीच कितीतरी नावे खरडलेली होती. त्यांत एकही नाव देऊळ बांधणाऱ्याचे नव्हते. मी म्हणालो, "नदीवर वाळू आहे. हवे तेवढे मोठे लिही." परत जाताना त्याने खरोखरच लिहिले. बैलगाडीएवढे एकेक अक्षर.

शेवटी संगमेश्वराच्या देवळात गेलो. तिथे एका तुळईवर लेख कोरला आहे. जुन्यातल्या जुन्या मराठी लेखांत त्याची गणना होते. त्यात शक ९४० असे साल आहे. शकात ७८ मिळवले की साधारण इसवी सन येतो. वहीत करून पाहा. ९४० अधिक ७८ म्हणजे १०१८. एक हजार वर्षांहून जुने ते अक्षर. ज्ञानेश्वरी सांगितली गेली १२९० साली, म्हणजे ह्या लेखानंतर २७२ वर्षांनी.

अक्षरे देवनागरीच आहेत, पण वळण जुने आहे. मलाही ती सरळ वाचता आली नाहीत. विद्वानांनी वाचली आहेत, त्यांचे मी छापील पुस्तकात वाचले होते.

तात्या मान वर करून बराच वेळ पाहत राहिले. त्यांचे वय अडुसष्ट. म्हणाले, "गुरुजी, म्या हितं आलो हुतो. मिसरूड फुटली नव्हती तवा. पाऊस आला, म्हून ह्याच देवळात बसलो हुतो. वर नक्षी हाय आसं वाटलं."

मग त्यांनी बोट वर केले. "ते गोल हाय ते शून्य न्हवं?"

ते शून्यच होते. ९४० मधले शून्य.

"म्हंजी त्याच्या अलीकडं चार, आन् त्याच्या अलीकडं नऊ." तात्यांनी वहीवर लिहिले, पुन्हा वर पाहिले. चार आणि नऊ यांची वळणे आजच्यापेक्षा निराळी आहेत. पण शून्य तेच आहे.

आजी म्हणाल्या, "आन् खाली काय लिवलंय?"

मी सांगितले. लेखाच्या शेवटी कोरणाऱ्याने म्हटले आहे की, हे जो वाचील तो विजयी होईल.

"कुणावर?" आजींनी विचारले.

ते काही त्याने लिहिलेले नाही.

ऊन उतरले तसे आम्ही निघालो. आजींचे लुगडे खिडकीच्या गजांना बांधून वाळत घातले होते. मंद्रूप येईपर्यंत ते फडफडत होते. सकाळचा तो पोरगा आजींच्या शेजारी बसला होता आणि वहीत काहीतरी लिहीत होता. मी डोकावून पाहिले. त्याने '९ वार' असे लिहिले होते.

पावसाळ्यानंतर आम्ही नळदुर्गचा किल्ला पाहायला जाणार आहोत. दोर मी आजच पिशवीत घालून ठेवला आहे.