गुडघ्यांचाही मध्यम मार्ग

वर्षावासात ग्रंथवाचन ऐकताना आपण विहारात तासभर मांडी घालून बसतो. तारापूर एमआयडीसीत पाळीभर उभे राहून आलेल्या सालवडच्या बंधू-भगिनींना उठताना मग भिंत धरावी लागते. दुखते म्हणून आपण उकिडवे बसणेच सोडतो. त्याने मांडीचे स्नायू आणखी दुबळे होतात.

अतिताण नको, पूर्ण आरामही नको. रोज उंच खुर्चीवर सावकाश दहा वेळा बसा-उठा. पाय लांब करून गुडघ्याखालची टॉवेलची गुंडाळी पाच सेकंद दाबा, सोडा. हेही दहा वेळा. जमू लागले की खिडकीचा गज धरून अर्धेच खाली बसा, टाचा टेकलेल्या ठेवा. दुखले तर कमी वाका.

गुडघा सुजला किंवा अडकला, तर डॉक्टरांना दाखवा. तोवर विहारात खुर्ची मागण्यात कमीपणा नाही.