कॅमेऱ्याच्या आधीची कामं

पुणे

चि. सोनूस,



तुझं पत्र पोचलं. वृत्तवाहिनीतली नोकरी सोडून माहितीपटांची निर्माती व्हायचं आणि पहिली मालिका मुंबईतल्या १९८२ च्या गिरणी संपावर करायची, असं तू ठरवलंयस. तुझी आई काळजीत आहे. तिचा फोन येऊन गेला. पोरीला अडवू नकोस, एवढंच मी तिला म्हटलं. तुला मात्र चार शब्द सुनावणार आहे. कॅमेरा कोणता घ्यायचा, ड्रोन परवडेल का, पार्श्वसंगीत कोणाकडून करून घ्यायचं, ह्यावर तू दोन पानं लिहिलीस. संपातल्या एकाही माणसाचं नाव त्यांत नाही. ह्या धंद्यात चित्रीकरणाला सगळ्यांत कमी दिवस लागतात. निर्मात्याची पारख होते ती त्याआधीच्या आणि त्यानंतरच्या कामात.

हेन्री हॅम्प्टन हे नाव तू ऐकलं नसशील. १९४० साली अमेरिकेतल्या सेंट लुइसमध्ये एका कृष्णवर्णीय डॉक्टरच्या घरी जन्मला. पंधराव्या वर्षी पोलिओ झाला, तेव्हापासून पायाला ब्रेस लावून चालायचा. पुढे बॉस्टनला एका चर्च-संघटनेच्या माहिती विभागात नोकरी करत असताना, १९६५ च्या मार्चमध्ये, तो अलाबामातल्या सेल्माला मतदानाच्या हक्कासाठी निघालेल्या मोर्चात गेला. ह्यावर कधीतरी फिल्म व्हायला हवी, असं तिथे त्याच्या मनानं घेतलं. ती मालिका, कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्कांच्या चळवळीवरची ‘आइज ऑन द प्राइझ’, पडद्यावर आली १९८७ च्या जानेवारीत. म्हणजे मध्ये बावीस वर्षं गेली.

ह्या बावीस वर्षांत त्यानं काय केलं? १९६८ साली ‘ब्लॅकसाइड’ नावाची कंपनी काढली आणि सरकारी खात्यांसाठी, कंपन्यांसाठी साधे प्रशिक्षणपट केले. त्यावर पगार भागवले, माणसं तयार केली. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस एका प्रसारण कंपनीनं ह्या विषयासाठी पैसे दिले. काम सुरू झालं आणि बंदही पडलं. मग त्यानं अनेक संस्थांचे उंबरे झिजवून नव्यानं पैसा उभा केला. तेव्हा कोणी आरोग्य खात्याची फिल्म करायला दिली तर नाक मुरडू नकोस. घरभाडं त्यातून निघेल आणि युनिट एकत्र राहील.

पैसा आला तरी हॅम्प्टननं लगेच कॅमेरा बाहेर काढला नाही. आधी त्यानं आपल्या चमूसाठी शाळाच भरवली. इतिहासकार आणि चळवळीतले जुने कार्यकर्ते येऊन बोलायचे आणि दिग्दर्शक, संशोधक वह्या घेऊन ऐकायचे. प्रत्येक भागासाठी दोन निर्माते, एक कृष्णवर्णीय आणि एक गोरा. दोघांची आपापसात जुंपायची, पण जे भांडण प्रेक्षकांत होणार ते आधी एडिट टेबलावर होऊन जायचं. आणि नियम असा, की पडद्यावर तज्ज्ञ बोलणार नाहीत. जे त्या जागी हजर होते, तेच बोलतील. निवेदनासाठी ज्युलियन बाँड निवडला, तोही त्या चळवळीतलाच.

ह्यातली एक गोष्ट नीट लक्षात घे. हजर असलेल्यांत विरुद्ध बाजूही येते. सेल्मात ज्याच्या माणसांनी मोर्चेकऱ्यांना झोडपलं तो शेरीफ जिम क्लार्क आणि वर्णभेदाचा झेंडा मिरवणारा गव्हर्नर जॉर्ज वॉलेस, ह्या दोघांच्याही मुलाखती हॅम्प्टनच्या चमूनं घेतल्या. तुझ्या मालिकेत संपाचे पुढारी डॉ. दत्ता सामंत ह्यांच्या मागे गेलेले कामगार असणारच. पण संपाच्या विरोधातल्या राष्ट्रीय मिल मजदूर संघाची माणसं कुठायत? गिरणीच्या ऑफिसातला टाइमकीपर? बंदोबस्तावरचा हवालदार? पोरांची फी भरायची म्हणून संप मोडून आत गेलेला, आणि त्यापायी चाळीत ज्याच्याशी कोणी बोलेनासं झालं, तो जॉबर, म्हणजे गिरणीतला मुकादम? ह्या माणसाला शोध. तो बोलायला तयार होणार नाही. पाच वेळा जावं लागेल. आणि खानावळी चालवणाऱ्या बायका? संपकरी गावाला निघून गेले तेव्हा उधारीच्या वह्या ह्यांच्याच घरात राहिल्या. भाषणापेक्षा ती वही जास्त बोलेल.

मात्र साक्षीदार मिळाला म्हणजे सत्य हाती लागलं, असं समजू नकोस. ‘आइज’च्या पहिल्याच भागात एमेट टिल ह्या चौदा वर्षांच्या कृष्णवर्णीय मुलाच्या १९५५ मधल्या खुनाची हकीकत आहे. खुनाला निमित्त झालेला प्रसंग मिसिसिपीतल्या एका दुकानात घडला. त्या वेळी आपण दुकानाबाहेरच होतो, असं एमेटचा नातलग कर्टिस जोन्स मालिकेत सांगतो. त्या दिवशी खरोखर तिथे असलेला दुसरा नातलग, सिमियन राइट, ह्याचं म्हणणं असं, की जोन्स तेव्हा मिसिसिपीत पोचलेलाच नव्हता. पुढे जोन्सनं आपलं बोलणं मागे घेतलं. इतक्या काटेकोर चमूच्या हातून हे निसटलं. साक्षीदार खोटंच बोलतो असं नाही. तीस वर्षं घरात तीच हकीकत ऐकून ऐकून माणसाला आपण तिथे होतो असंच वाटू लागतं. म्हणून प्रत्येक दाव्याला दुसरा आधार शोध: हजेरीपुस्तक, पगाराची चिठ्ठी, त्या दिवसाचं वर्तमानपत्र, नाहीतर दुसरा माणूस. आधार मिळाला नाही तर वाक्य कितीही गोड असो, काप.

आता मुलाखतीबद्दल. वाहिनीत तुला वीस सेकंदांच्या बाइटची सवय लागली आहे, ती मोड. खोलीत गेल्यावर आधी पंखा बंद, मग फ्रिज बंद. आणि फ्रिज पुन्हा चालू करायची आठवण राहावी म्हणून आपल्या घराची किल्ली त्यात ठेव, म्हणजे त्या घरातल्या माउलीचं दूध नासणार नाही. रिलीज फॉर्मवर सही बोलणं सुरू होण्याआधी घे, आणि त्यात काय लिहिलंय ते मराठीत वाचून दाखव. पूर्ण नाव, गिरणीचं नाव, खातं कोणतं, पाळी कोणती, हे सगळं कॅमेऱ्यावर त्यांच्याच तोंडून येऊ दे. उत्तर संपलं की लगेच पुढचा प्रश्न टाकू नकोस, थांब. खरं ते पुष्कळदा त्या थांबण्यात येतं. उठण्याआधी अर्धा मिनिट सगळ्यांना गप्प बसवून रूम टोन, म्हणजे खोलीचा नुसता आवाज, घे. आणि त्याच रात्री लॉग कर, टाइमकोडसह. ‘संपाबद्दल छान बोलल्या’ ही नोंद सहा महिन्यांनी कचरा असते. ‘१४ मिनिटं २० सेकंद: मंगळसूत्र गहाण, कोणाकडे, किती रुपये’ ह्याला नोंद म्हणायचं.

कापलेलं फुटेज फेकू नकोस. हॅम्प्टनच्या पूर्ण मुलाखती आज सेंट लुइसच्या वॉशिंग्टन विद्यापीठात जपलेल्या आहेत. मालिकेत दोन मिनिटं दिसणाऱ्या माणसाचं अख्खं बोलणं संशोधकांना वाचायला मिळतं. तूही हार्ड डिस्कच्या दोन प्रती कर आणि दोन वेगळ्या घरांत ठेव.

सगळ्यांत रुक्ष आणि सगळ्यांत महाग भाग हक्कांचा. ‘आइज’मधलं जुनं फुटेज, फोटो आणि गाणी ह्यांचे हक्क ठरावीक वर्षांपुरतेच घेतले होते, कायमचे घेण्याइतका पैसा नव्हता. नव्वदच्या दशकाच्या मध्यावर मुदती संपल्या आणि पारितोषिकांनी लदलेली ही मालिका दाखवता येईना, नवी विकत मिळेना. शाळांतल्या जुन्या कॅसेटी झिजत राहिल्या. मालिकेत मार्टिन ल्यूथर किंग ह्यांच्या वाढदिवसाला सहकारी ‘हॅपी बर्थडे’ म्हणतात, त्या गाण्यालाही तेव्हा मालक होता. नव्यानं देणग्या मिळवून, एकेक परवाना पुन्हा घेऊन, मालिका परत दाखवली गेली ती २००६ मध्ये. हॅम्प्टन १९९८ सालीच गेला होता, अवघ्या अठ्ठावन्नाव्या वर्षी.

आपल्याकडे १९५७ चा कॉपीराइट कायदा आहे. फिल्मवरचा हक्क प्रकाशनानंतर साठ वर्षं चालतो, फोटोचा तर फोटोग्राफरच्या मृत्यूनंतर साठ वर्षं. म्हणजे १९८२ साली प्रसिद्ध झालेलं काहीही तुझ्या उमेदीच्या काळात फुकट होणार नाही. फिल्म्स डिव्हिजनचा ठेवा आणि इथल्या लॉ कॉलेज रोडवरचं फिल्म संग्रहालय आता दोन्ही राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे (एनएफडीसी) आहेत. अर्ज आधी कर, कापायला नंतर बस. बजेट लिहिताना परवान्यांचा रकाना शेवटच्या ओळीत ढकलू नकोस. आणि एडिटरचे, लॉगिंग करणाऱ्या पोरांचे पैसे वेळेवर दे. कामगारांवर मालिका करणाऱ्या बाईनं पगार थकवला तर तिनं कॅमेरा खाली ठेवावा.

शेवटचं आणि घाईचं. अडीच लाखांच्या आसपास माणसं त्या संपात उतरली होती. १८ जानेवारी १९८२ ला, संप सुरू झाला तेव्हा, जो पंचवीस वर्षांचा होता, तो आज सत्तरीकडे झुकला आहे. जे चाळीस वर्षांचे होते, त्यांतले फार थोडे उरलेत. पैसे उभे राहीपर्यंत ही माणसं थांबणार नाहीत. मिळेल त्या साध्या कॅमेऱ्यावर, पण आवाज स्वच्छ ठेवून, म्हाताऱ्यांच्या मुलाखती आधी उरकून घे. चाळींवरून ड्रोन पुढच्या वर्षीही उडेल.

पुढच्या पत्रात मला स्क्रिप्ट पाठवू नकोस. वीस नावं पाठव: वय, पत्ता आणि कोणाच्या ओळखीनं भेटणार ते. त्यातली निदान सहा संपाच्या विरोधातली असू देत. यादी पटली तर हार्ड डिस्कचा खर्च माझा. आईला फोन कर.

तुझा,
मामा